अंगड्याची उलटी शिवण

नवा कपडा हातात आला की तुम्ही आधी काय बघता? रंग, की जर? एका गावातल्या गिरजाकाकू मात्र आधी तो उलटा करून शिवण बघायच्या.

काकू तान्ह्या बाळांची अंगडी-टोपडी शिवत. पण पेठेत एक जरीकाम करणारा शिंपी आला आणि काकूंकडे कुणी फिरकेना. अशात राणीला मुलगी झाली. बारशासाठी दवंडी पिटली गेली: ज्याचं अंगडं राणीला पसंत पडेल, त्याला राजवाड्याचं शिवणकाम कायमचं. काकूंनी ठरवलं, हे काम मिळालं नाही तर सुई ठेवून द्यायची.

त्यांनी धुऊन धुऊन मऊ झालेली मलमल घेतली. बारीक टाके घातले. शिवण आणि गाठी मुद्दाम बाहेरच्या बाजूला ठेवल्या.

अंगडं न्यायला आलेली दासी हसली. "काकू, घाईत उलटं शिवलंत की काय?"

"नाही गं. असंच आहे ते."

"अहो, पेठेतल्या शिंप्याने जरीचा मोर काढलाय. लोक हसतील तुम्हाला. अजून वेळ आहे, शिवण आत घ्या."

काकूंचा हात कात्रीकडे गेला. मग त्यांनी आतून एकदा बोट फिरवलं. "लोक नुसतं बघणार, घालणार बाळ. राहू दे तसंच."

बारशाला राजकन्येला मोराचं अंगडं घातलं. सगळे वाहवा करत होते आणि बाळ टाहो फोडत होतं. आत्याने तीनदा नाव सांगितलं, पण त्या रडण्यात ते कुणालाच ऐकू गेलं नाही. मागे उभ्या असलेल्या काकूंचा जीव कळवळला.

राणीने अंगडं काढलं. बाळाच्या पाठीवर जरीच्या टोकांचे लाल ओरखडे उठले होते. दासीने काकूंचं अंगडं आणलं आणि ते सुलटं करू लागली.

"थांब," राणी म्हणाली. तिने आतून हात फिरवला. कुठे काही लागलं नाही. तिने ते तसंच घातलं. बाळ दोन हुंदके देऊन झोपी गेलं, आणि आत्याचं चौथ्यांदा सांगितलेलं नाव सगळ्यांना ऐकू आलं.

"ज्यांनी हे शिवलं, त्यांनी बाळाच्या बाजूने शिवलंय," राणी म्हणाली.

तात्पर्य काय, तर कपड्याचा खरा कस अंगाला लागणाऱ्या टाक्यात कळतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकूंच्या ओसरीवर राजवाड्यातून मलमलीचं ठाण आलं, आणि शिवण बाहेर कशी घ्यायची हे शिकायला पेठेतला शिंपी सुई घेऊन आला.