हैबतीची अख्ख्या गव्हाची कोशिंबीर

एका गावात हैबती नावाचा एक भोळा भाऊ राहायचा. अंगानं रेड्यासारखा. सांगितलेलं काम सांगितलं तसंच करणारा. त्यापायी धाकट्या बहिणीची, शेवंताची, दोन स्थळं मोडली होती. आता तिसरं यायचं होतं.

मुलगा तब्येतीच्या नादी लागलेला. त्यानं आधीच निरोप धाडला, कांदेपोहे नकोत, अख्ख्या गव्हाची कोशिंबीर करा, त्यात ताजी फळं आणि सुका मेवा घाला. म्हणजे बैलांचं आंबोण आणि वर डाळिंब. पण स्थळ चांगलं होतं. शेवंतानं मुकाट्यानं तयारी केली.

सकाळी ती म्हणाली, "दादा, गहू निवड."

हैबती सूप घेऊन बसला. तासाभरानं ताटलीत एकच दाणा होता.

"हे काय?"

"निवडला. अख्ख्या पायलीत याच्या तोडीचा दुसरा नाही."

"अरे दादा, एक दाणा घेऊन काय करू? सगळं घ्यायचं. अख्खंच्या अख्खं."

हैबतीनं मनाशी गाठ मारली. गहू शिजले. शेवंता म्हणाली, "आता खजूर घाल त्यात." त्यानं घातला. कागदासकट, दोऱ्यासकट.

शेवंतानं कागद उपसला, दोरा उपसला. "निदान बिया तरी काढायच्यास. पाहुण्याचा दात पडेल. बी टाकायची, बाकीचं ठेवायचं."

"मग तसं सांगायचं."

पुढं डाळिंबं आली. हैबतीनं एकेक बी काढली आणि कोंबड्यांना टाकली. सालं धुतली, पुसली, ताटात रचून ठेवली.

शेवंतानं कपाळाला हात लावला. "ओलं, रसाळ ते ठेवायचं. सुकं, कडक ते टाकायचं. एवढं कळत नाही?"

"आता कळलं."

सुके अंजीर आणि मनुका उकिरड्यावर गेल्या.

शेवंतानं त्या वेचून आणल्या आणि तीनदा धुतल्या. पाहुण्याला काय कळणार होतं? मग तिनं भावाला समोर बसवलं. "नीट ऐक. सुकलेलं कधी टाकायचं नाही. कोमट पाण्यात बुडवायचं, वर झाकण घालायचं. तासाभरात फुगतं, गोड होतं. मध्ये झाकण काढायचं नाही. म्हण बघू."

हैबतीनं तीनदा म्हणून दाखवलं. उरलेली कोशिंबीर तिनं स्वतः केली. त्याला बाहेर ओट्यावर बसवलं.

दुपारी मुलगा आणि त्याची आई आली. मुलाचं नाव मुकिंदा. अंगानं काडी. दोन वाट्या कोशिंबीर खाऊन म्हणाला, "अंजिरांना काही वेगळीच चव आहे."

आई म्हणाली, "मुलगी पसंत आहे. कुंकू लावूनच जाते."

शेवंता करंडा आणायला आत पळाली. तिसरं स्थळ जुळलं होतं.

आईनं मुलाकडं पाहिलं. "उन्हातनं येऊन पोरगं पार सुकून गेलंय."

हैबतीनंही पाहिलं. खरंच सुकलं होतं. बहिणीचं स्थळ, टाकून कसं चालेल?

"पाहुणे," तो म्हणाला, "जरा परसात चला."

परसात गुरांचा हौद होता. हैबतीनं आधी हात घालून पाहिला. पाणी उन्हानं कोमट झालं होतं.

थोड्या वेळानं तो एकटाच परत आला. बाह्या निथळत होत्या.

"मुकिंदा कुठाय?" आईनं विचारलं.

"भिजत घातलाय, मावशी. तासाभरात काढतो."

परसातून पत्रा धडधडल्याचा आवाज आला. शेवंताच्या हातातला करंडा पडला. दोघी धावल्या, पण हैबती त्यांच्या आधी पोचला. हौदावर पत्रा होता, पत्र्यावर पाटा. पाट्यावर तो जाऊन बसला.

"मध्ये झाकण काढायचं नाही. तूच म्हणालीस."

दोघींनी मिळून त्याला ढकललं, पत्रा ओढला. हौद अर्धाच भरलेला, म्हणून मुकिंदा जिता सापडला. डोक्यावर शेवाळ. गाल फुगलेले, नाकपुड्या फुगलेल्या. आई चपला शोधायला लागली.

हैबतीनं त्याला वरपासून खालपर्यंत निरखलं.

"बघ शेवंते, फुगला. घाई केलीस. अजून थोडा ठेवला असता तर गोडही झाला असता."