न केलेल्या चोरीचा पुरावा

दोन लाख चाळीस हजार रुपये दंड! तोही सात दिवसांत!

वाघजाळीच्या हौसाबाई ढवळे यांनी कागद दोनदा वाचला. वीज चोरून मिरची कांडपाचं मशीन चालवलं, असा आरोप होता. खाली सही वीज कंपनीच्या तालुका कचेरीतल्या खरवंडीकर साहेबांची.

हौसाबाई थेट कचेरीत गेल्या.
“साहेब, मी चोरी केलेली नाही.”
“मग तसा पुरावा आण!” साहेब मान वर न करता म्हणाले.
“जे घडलंच नाही त्याचा पुरावा कुठनं आणू?”
“तो तुझा प्रश्न. नाहीतर पैसे भर!”

दुसऱ्याच दिवशी त्यांची वीज तोडली गेली. नवरा रंगनाथ पार खचला. “मशीन विकून टाकू, पण साहेबाशी वैर नको,” तो म्हणाला.
“मशीन विकलं तर खायचं काय? आणि गावात चोर म्हणून जगायचं?” हौसाबाई उसळल्या.

रात्रभर विचार करून त्यांनी दोन कामं केली. दहा रुपयांचं तिकीट लावून माहिती अधिकारात कंपनीला एका ओळीचा प्रश्न विचारला. त्याचं उत्तर महिनाभरात आलं, ते जपून ठेवलं. मग तालुक्याच्या दिवाणी कोर्टात दंडाविरुद्ध दावा लावला. वकील परवडत नव्हता, म्हणून स्वतःच उभ्या राहिल्या.

पहिल्याच सुनावणीत कंपनीचे वकील गरजले, “चोरीचं प्रकरण दिवाणी कोर्टात चालतच नाही!”
“चोरी झाली म्हणता, मग पोलिसांत फिर्याद कुठाय?” हौसाबाईंनी विचारलं.
वकिलांनी फाइल चाळली. फिर्याद नव्हतीच!
“फिर्याद नाही, म्हणजे हे नुसतं बिल झालं. बिलाचं भांडण इथं नाही सांगायचं तर कुठं?”
न्यायाधीशांनी चष्मा सारखा केला. “दावा चालेल,” ते म्हणाले.

खरवंडीकर साहेब साक्षीला आले, तेव्हा हौसाबाईंनी अगदी नम्रपणे सुरुवात केली.
“साहेब, पंचनाम्यात चौदा मे, सकाळी अकरा लिहिलंय. तुम्ही स्वतः आला होता?”
“अर्थात! मी माझी कामं दुसऱ्यावर सोपवत नाही.”
“मशीन चालू पाहिलंत?”
“या डोळ्यांनी! आकडा टाकून चोरलेल्या विजेवर धडाधड चालू होतं.”
“खोलीत दिवा होता?”
“लख्ख!”
“आणि पंखा?”
“गरगरत होता! चोरीची वीज, मग काय कमी?”
कोर्टात खसखस पिकली. साहेब खूश झाले.

आता हौसाबाईंनी माहिती अधिकाराचं उत्तर पुढे केलं. “ही सही कुणाची?”
“माझीच.”
“मग वाचा की मोठ्यानं.”
साहेबांनी वाचायला घेतलं. “मौजे वाघजाळी येथील ट्रान्सफॉर्मर जळाल्यामुळे दोन मे ते आठ जून... संपूर्ण गावाचा... वीजपुरवठा...” साहेबांनी कागद खाली ठेवला.
“बंद होता!” हौसाबाईंनी वाक्य पुरं केलं. “साहेब, दोन्ही कागदांवर सही तुमचीच. आता तुम्हीच सांगा, खोटा कोणता?”

खरवंडीकरांनी वकिलांकडे पाहिलं. वकील छताकडे पाहू लागले.

“मला सांगता का?” न्यायाधीशांनी साहेबांना विचारलं. “तुम्ही गावात गेलाच नव्हता ना?”
“साहेब... महिन्याला वीस चोऱ्या पकडायचा हुकूम होता. एकोणीस झाल्या होत्या...”

“सरकार,” हौसाबाई म्हणाल्या, “अडतीस दिवस आमच्या अख्ख्या गावाला कंदील पुसावे लागले. जी वीज यांच्याच तारेत नव्हती, ती मी चोरू कुठनं?”

न्यायाधीश इतके हसले की त्यांना चष्मा काढून डोळे पुसावे लागले. हसू आवरल्यावर त्यांनी निकाल सांगितला. दंड रद्द! दाव्याचा खर्च आणि पंचवीस हजारांची भरपाई कंपनीनं द्यायची. वीज आजच्या आज जोडायची.

“आणखी काही मागणं आहे, हौसाबाई?”
“एकच. जोडणीला या साहेबांनी स्वतः यावं. आमचं गाव त्यांनी एकदा तरी बघावं!”
“मंजूर!” म्हणत न्यायाधीश पुन्हा हसू लागले.