महानंदाबाईंचं उखळ

"आईचा तळतळाट लागतो का हो, अप्पा?"

मकरंद होनराव मठाच्या पायरीवर बसून हे विचारत होता, आणि तिकडं त्याच्या गाडीतून त्याच्या आईचं दगडी उखळ उतरवताना दोन गडी घामाघूम झाले होते. मी चुलीपुढं भाकरी थापत होते. मनात म्हटलं, हे आणि काय नवीन खूळ!

अप्पा म्हणजे आमच्या मठाचे स्वामी. बोलणं बेताचं. कुणी काही विचारलं की आधी प्यायला पाणी देतात.

त्यालाही दिलं.

"कुणी दिला तळतळाट?"

"आईनं. मी माझ्या कानांनी ऐकलाय."

"तिला जाऊन वर्ष होतंय की रे."

"म्हणून तर हे आणलंय."

त्यानं पिशवीतून एक काळी डबी काढली. जेवणाच्या डब्याएवढी असेल. म्हणाला, "माणूस बोलतो तेव्हा जवळच्या वस्तू थरथरतात, अप्पा. आपल्याला कळत नाही. पण ती थरथर दगडात मुरते, पितळेत मुरते, लाकडात मुरते. माझं यंत्र ती वाचतं. असं यंत्र जगात दुसऱ्या कुणाकडं नाही."

शेवटचं वाक्य मान ताठ करून. एवढ्या दुःखातही ऐट काही सुटली नव्हती गड्याची.

अप्पा म्हणाले, "आमच्या खांबांना लावू नको बाबा. साऱ्या गावाच्या चुगल्या बाहेर पडतील."

मी हसले. तो हसला नाही.

त्याचं दुखणं गावाला ठाऊक होतं. वडील वारले तेव्हा हा पुण्यात याच यंत्रात डोकं घालून बसला होता. आज निघतो, उद्या निघतो करत बापाच्या मातीला आलाच नाही. महानंदाबाईंनी त्याचं नाव टाकलं. फोन उचलला नाही. दारात आला तर कडी काढली नाही. दर सोमवारी मठात यायच्या, पण कुणी पोराचा विषय काढला की ताडकन उठून जायच्या. लई फटकळ बाई. गेल्या त्याही अबोला धरूनच.

"माझ्यासाठी एखादा शब्द सापडेल म्हणून घरभर यंत्र लावलं, अप्पा. देव्हारा मुका. पलंग मुका. एकटी राहायची, बोलणार कुणाशी? उखळ तेवढं बोललं… आणि काय बोललं!"

त्यानं गाडीची किल्ली हातात घेतली.

"उद्या तिचं वर्ष, सगळे तिच्या समाधीवर जमणार. मी आजच परत जातो. जिला माझं तोंड बघायचं नव्हतं, तिच्या समाधीला कुठल्या तोंडानं हात लावू?"

"ऐकव," अप्पा म्हणाले.

त्यानं डबी उखळाच्या काठावर ठेवली.

अगं बाई! माझ्या अंगावर काटाच आला. महानंदाबाईंचा आवाज, जशाचा तसा.

"मातीला नाही आलास, मुडद्या… बापाच्या मातीला… नाही आलास… तुझ्या जिवाला… कधी चैन पडायचं नाही… मेले तरी… तुझं तोंड… बघायची नाही…"

मकरंदनं डबी बंद केली. खोटं कशाला सांगू, इतका वेळ मला त्याचा राग येत होता, पण आता त्याची कीव आली.

अप्पा उखळाकडं वाकले.

"एवढी धाप का लागली होती तिला?"

"कुटत होती ना."

"मग कुटल्याचा आवाज कुठाय?"

"तो गाळला." डोळे पुसता पुसता त्याची मान परत ताठ झाली. "तेच तर अवघड काम होतं. नुसती दणदण. त्याच्याखाली आईचा शब्द कळत नव्हता. महिनाभर खपलो, तेव्हा कुठं स्वच्छ झालं."

"काय कुटत होती?"

"शेंगाची चटणी. ह्या उखळात दुसरं काही कुटलंच नाही तिनं."

"कुणासाठी?"

"म्हणजे?"

अप्पांनी माझ्याकडं बघितलं. मी म्हटलं, "महानंदाबाईंना तिखट सोसत नव्हतं. तोंड सोलून निघायचं. इथं प्रसादालासुद्धा दूध-भाकरीच खायच्या."

मकरंद माझ्याकडं बघतच राहिला. आई काय खाते हे त्याला माहीत नव्हतं. कसं असणार?

"तुला आवडते का रे चटणी?" अप्पांनी विचारलं.

"हो… पुण्याला यायची ना. दर महिन्याला, बसनं. मावशी पाठवायची."

"अजून येते?"

"नाही. बंद झाली. मला वाटलं, मावशीचं आता वय…"

"कधी बंद झाली?"

"वर्ष होतंय," म्हणत त्यानं डबी उचलली. कुठली कुठली बटणं दाबली, गाळलेलं सगळं परत घातलं आणि डबी उखळावर ठेवली.

दण… दण… दण…

अख्खा मठ घुमला. मुडद्या, दण. मातीला, दण. नाही आलास, दण. बाई शिव्या देत होत्या आणि कुटत होत्या. हात काही थांबत नव्हता. शिव्या संपल्या, तरी कुटणं चालूच.

मकरंद उखळाला मिठी मारून हमसाहमशी रडला. माझी तव्यावरची भाकरी करपून कोळसा झाली, पण उतरवायचं सुचेना.

पुष्कळ वेळानं त्यानं तोंड वर केलं.

"मग उद्या मी काय मनात धरून जाऊ, अप्पा? शिव्या का चटणी? खरं कुठलं?"

अप्पांनी उखळात हात घातला. तळ चाचपला. बोटं नाकाशी नेली, आणि जोरात शिंकले.

"एका उखळात कुटलेलं निवडत बसू नये, बाळा."