खारावलेला झिरा

पूर्वी सौवीर देशावर भद्रबल राजाची सत्ता असताना, त्याच्या राज्याच्या टोकाला, जिथे वाळवंट संपून उघडेबोडके डोंगर सुरू होतात तिथे, बोधिसत्त्व रानगाढवाच्या कुळात जन्मला होता. वयात आल्यावर तो कळपाचा प्रमुख झाला. माणसे गाढव हा शब्द शिवीसारखा वापरतात. पण त्या मुलखातली हरणे, कोल्हे, तितर आणि डोंगरावरचे रानबकरे गाढवांच्याच जिवावर उन्हाळा काढीत.

त्याचे कारण असे. डोंगरातून एक नदी वाळवंटात उतरत असे. पावसात ती थोडे दिवस वाहायची, एरवी नुसती वाळू. गाढवे वासावरून जागा हेरीत आणि पुढच्या खुरांनी वाळू उकरीत. ओल लागली की थांबत. मग त्या खड्ड्यात हळूहळू पाणी पाझरे. अशा खड्ड्याला झिरा म्हणतात. तहान लागल्यावर विहीर खणू नये, असे शहाणी माणसे सांगतात. रानगाढवांना दुसरी सोयच नव्हती. मात्र ओल लागल्यावर पुढे एक खूरही मारायचा नाही, हा त्यांच्या कुळाचा कडक नियम होता. त्या नदीत गोडे पाणी वरच्या वाळूत पातळ थराने साठे. त्याखाली चिकणमातीचा पापुद्रा आणि पापुद्र्याखाली सगळे खारे. तो फुटला की खारे पाणी वर चढे आणि ती जागा कायमची वाया जाई. म्हणून तिथली शिंगरे धावायला शिकण्याआधी वाट पाहायला शिकत.

एकदा लागोपाठ पावसाळे कोरडे गेले. डोंगरातले झरे आटले. कधी खाली न उतरणारे रानबकरे वाळूत उतरले. कोल्हे हरणांच्या शेजारी पडून राहू लागले आणि कोणी कोणाकडे पाहीना. वैर करायलाही अंगात ताकद लागते. साऱ्या नदीत एकच झिरा जिवंत राहिला. त्याचे पाणी आधी दुधावरच्या पिलांना, मग गाभण माद्यांना, मग उरल्यासुरल्यांना, आणि जात कोणाची विचारायची नाही, असे बोधिसत्त्वाने ठरवून दिले होते. धडधाकट नरांना डोंगर ओलांडून दूरच्या नदीपर्यंत जाता आले असते. पिलांना ते जमणारे नव्हते, म्हणून तो गेला नाही.

कळपात पांडर नावाचा त्याचा पुतण्या होता. पांडरचे शिंगरू नुकतेच जन्मले होते आणि अशक्त होते. तो म्हणाला, "काका, त्या बकऱ्यांना हाकला. माझ्या लेकराची जीभ कोरडी पडलीय."

"हाकलले तर जातील कुठे?"

"मरतील. आपण तरी कुठे जगतोय?"

"झिरा पाझरतो आहे," बोधिसत्त्व म्हणाला. "तो पाझरतो तोवर कोणाला हाकलायचे नाही."

त्याच सुमारास कापसाच्या कापडाचा एक तांडा वाळूच्या वादळात वाट चुकून तिकडे आला. तांड्याच्या नायकाचे नाव सोमिल आणि वाटाड्याचे पिंगळ. त्यांच्या पखाली रिकाम्या झाल्या होत्या, बैल जागोजाग बसले होते. माणसे गाड्यांच्या सावलीत पडली होती आणि एक बाई आपले बोट चोखून ते तान्ह्या पोराच्या तोंडात देत होती. बोधिसत्त्वाने टेकाडावरून हे पाहिले.

पांडर म्हणाला, "काका, झिऱ्यासमोर आपण आडवे उभे राहू. त्यांना दिसणार नाही. संध्याकाळपर्यंत आपोआप सगळं मिटेल."

बोधिसत्त्वालाही भीती वाटत होती. माणसांबरोबर फावडी असतात हे त्याला ठाऊक होते. तरी त्या बाईला पाहिल्यावर त्याला मागे फिरता येईना. तो टेकाड उतरून तांड्याजवळ गेला आणि मनुष्यवाणीने सोमिलाला म्हणाला, "पाणी आहे. अट एकच. फावडे लावायचे नाही. ओंजळीने घ्या, थांबा, पुन्हा पाझरले की पुन्हा घ्या."

सोमिल त्याच्या पायांवर पडला. "तुम्ही म्हणाल तसं! माझ्या लेकरांची शपथ घेतो."

तांडा झिऱ्यापाशी आला. ओंजळीमागून ओंजळ निघत गेली. आधी ते तान्हे पोर रडले, आणि त्या रडण्याने सगळ्यांना धीर आला. जनावरे लांब उभी राहून पाहत होती. उन्हे उतरेपर्यंत प्रत्येक माणसाच्या घशाखाली थोडे पाणी गेले. तेवढ्यावर थांबले असते तर कोणाचेच काही बिघडले नसते.

पण बैल राहिले होते आणि पखाली राहिल्या होत्या. पिंगळ वाईट माणूस नव्हता. तो डोंगरापलीकडच्या काळ्या मातीच्या मुलखातला. तिथे जितके खोल जावे तितके पाणी गोड, आणि पाणवठा दिसला की तो पुरुषभर खोल करून पुढे जायचे, मागून येणाऱ्याचा दुवा घ्यायचा, अशी वाटाड्यांची रीत होती. त्याने आयुष्यभर हे पुण्य जोडले होते.

तो म्हणाला, "मालक, गाढवाचं काय ऐकता? त्याला खुरं आहेत, फावडं नाही, म्हणून तो एवढ्यावर थांबतो. पुरुषभर खणू. आपले बैल वाचतील आणि ह्या मुक्या जिवांनाही जन्माचं पाणी होईल."

बोधिसत्त्व झिऱ्यात जाऊन उभा राहिला. "सोमिला, तू शपथ घेतली आहेस. खाली खारे आहे."

सोमिलाने बसलेल्या बैलांकडे पाहिले आणि मान खाली घातली. गाडीवानांनी काठ्या उचलल्या. लाथ मारायची तर काठावर ती बाई पोराला घेऊन उभी होती. बोधिसत्त्वाने लाथ मारली नाही. पाठीवर वळ घेऊन तो बाहेर आला.

वाळू उपसली गेली, गोडे पाणी खड्ड्यात गोळा झाले आणि त्यांनी ते पखालींत भरून घेतले. मग फावडे चिकणमातीत घुसले आणि खालून पाणी उसळले. माणसे आनंदाने ओरडू लागली. त्या पाण्याची चव कोणी पाहिली नाही. पखाली तर भरलेल्याच होत्या. पखालीतलेच पाणी पाजून बैल उठवले गेले. निघताना पिंगळाने बोधिसत्त्वाला हात जोडले.

"रागावू नकोस, बाबा. बघ, केवढं पाणी काढून दिलं तुम्हाला. आता पिढ्यान्‌पिढ्या प्या!"

आपल्या हातून चांगले काम झाले या समाधानात तो तांडा निघून गेला. त्यांना खरे कधीच कळले नाही.

जनावरे पाण्यावर धावली. काही प्यायली आणि ओकली, काहींनी नुसते हुंगले. दुसऱ्या दिवशी खड्ड्याच्या कडेला पांढरे मीठ फुलले. पांडरचे शिंगरू सर्वांत आधी गेले. त्याची आई त्याला उठवण्यासाठी नाकाने ढकलत राहिली, आणि ते पाहणे कोणालाच सोसवेना.

"काका," पांडर म्हणाला, "तुमच्या दयेचं काय झालं ते बघितलंत?"

"बघितले."

"मग तिचा उपयोग काय?"

बोधिसत्त्व वाळू हुंगत पुढची जागा शोधायला वळला. पांडर थोड्या नरांना घेऊन डोंगराकडे निघून गेला. जाताना त्याने मागे पाहिले नाही, आणि त्याला दोष तरी कोणी द्यावा?

उरलेल्यांना घेऊन बोधिसत्त्व नदीच्या पात्रातून वर सरकला. त्याने एक जागा उकरली, कोरडी. आणखी वर जाऊन उकरली, तीही कोरडी. मागून येणारे वाटेत बसत होते आणि बसलेले पुन्हा उठत नव्हते. आधी बकऱ्यांची पिले संपली, मग हरणांची. खूर फुटले तेव्हा तो गुडघ्यांनी उकरू लागला. शेवटी त्याच्या मागे कोणीही उरले नाही, तरी तो उकरतच होता. एका खड्ड्यात डोके टेकून त्याने प्राण सोडला. त्या खड्ड्यात ओल लागली होती असे सांगितले तर ऐकणाऱ्याला बरे वाटेल. पण ती लागली नव्हती.

शास्त्याने, म्हणजे भगवान बुद्धाने, ही कथा नंदिल नावाच्या भिक्षूला सांगितली. एका गावात तापाची साथ आली असताना नंदिल तिथे राहून रोग्यांची सेवा करीत होता. ताप उतरेल अशा भल्या बुद्धीनेच गावच्या वैद्याने रोग्यांना पाणी देणे बंद करायला लावले, गावप्रमुखाने ते मानले, आणि नंदिलाच्या मांडीवर एकामागून एक सगळे गेले. तो परत येऊन म्हणाला होता, "भन्ते, मी एवढं केलं, त्याचा उपयोग काय?"

कथा संपवून शास्ता म्हणाला, "तेव्हाचा पिंगळ म्हणजे आजचा तो वैद्य. सोमिल म्हणजे तो गावप्रमुख. ते रानगाढव मीच होतो. आणि पांडर तू होतास, नंदिला. हे तू मला तेव्हाही विचारले होतेस."

"तेव्हा आपण काय उत्तर दिलंत, भन्ते?"

"काही नाही. मला ते ठाऊक नव्हते. मी पुढची जागा उकरायला गेलो."

नंदिल रडू लागला. शास्त्याने त्याला थांबवले नाही. तो त्याच्या जवळ बसला आणि म्हणाला, "फळ दिसत नसतानाही प्रयत्न न सोडणे, याला वीर्य-पारमिता म्हणतात."