लोकरी अंगरखे

सोनतळच्या उदाजीराजांनी थंडीत दरबाऱ्यांना मानाचे लोकरी अंगरखे दिले आणि दरबारात ते कधीही उतरवायचे नाहीत, असं फर्मान काढलं. वैशाख आला. म्हातारे खजिनदार घेरी येऊन पडले, तरी राजे हट्ट सोडेनात.

दुसऱ्या दिवशी हैबतराव चिटणीस दरबारात आले ते जीभ बाहेर काढून, धापा टाकत.

राजे संतापले. "हा दरबाराचा अपमान आहे. याची शिक्षा भोगावी लागेल."

हैबतरावांनी सिंहासनापाशी बसलेल्या राजांच्या केसाळ कुत्र्याकडे बोट दाखवलं. "महाराज, याला अंगावरची लोकर उतरवता येत नाही. म्हणून देवानं याला जीभ बाहेर काढून अंग थंड करायची सोय दिली. आमचीही लोकर उतरत नाही, तेव्हा मी याचाच कित्ता गिरवला."

"अंगरखा मीही घातलाय. माझी जीभ आहे का बाहेर?"

"महाराजांच्या मागे दोन पंखे हलताहेत."

राजांनी तिरमिरीत पंखे थांबवले. दरबारात कुत्र्याच्या आणि पुन्हा जीभ बाहेर काढलेल्या हैबतरावांच्या धापा तेवढ्या ऐकू येत होत्या. थोड्या वेळानं सिंहासनावरूनही तसाच आवाज येऊ लागला.

"चिटणीस, जीभ आत घ्या," म्हणत राजांनी अंगरख्याचे बंद सोडले. पाठोपाठ सगळ्यांनी सोडले. कुत्रा तेवढा धापा टाकत राहिला. त्याच्या अंगरख्याला बंद नव्हते.