आरशातली एकच दुरुस्ती

निर्माते खटावकर साहेबांनी आपल्या ऐतिहासिक चित्रपटातलं दरबाराचं दृश्य पाहिलं आणि भर बैठकीत जाहीर केलं, "वा! काय दरबार उभा केलाय संगणकानं! पुढच्या चित्रपटापासून सेट सजावट बंद. मेस्त्री हवेतच कशाला?"

तीस वर्षं सेट सजवणाऱ्या पुंडलिक मेस्त्रींची मान खाली गेली. शेजारी शाल्मली बसली होती. ती आधी त्यांच्याच हाताखाली काम करायची, आता संगणकावर दृश्यं दुरुस्त करायचं, म्हणजे व्हीएफएक्सचं काम करायची. ती उठली.

"साहेब, या भिंती, समया, पडदे, सगळं मेस्त्रींनी हातानं केलंय. मी फक्त एक गोष्ट पुसली. मागच्या आरशात एक गृहस्थ मोबाइलवर बोलताना दिसत होते."

"चित्रीकरण चालू असताना मोबाइल? कोण तो गाढव?" साहेब कडाडले.

शाल्मलीनं मूळ दृश्य पडद्यावर लावलं. आरशात खुद्द खटावकर साहेब उभे होते!

शाल्मली नम्रपणे म्हणाली, "साहेब, तुम्हाला पुसलं तरी दरबार जसाच्या तसा राहिला. मेस्त्रींचं काम पुसलं, तर मागे जिथे सेट उभारला ते नुसतं गोदाम उरेल. पुसून दाखवू?"

साहेब लालबुंद झाले, आणि मग स्वतःच खो खो हसत सुटले. "नको गं बाई! मेस्त्री, पुढचा सेटही तुमचाच."

बाहेर आल्यावर मेस्त्रींनी तिला हात जोडले. तिनं ते घट्ट धरले.

"काका, कोऱ्या भिंतीला जुनेपणा कसा आणायचा, हे तुम्ही शिकवलंत, म्हणून तर मी त्या संगणकापुढे बसू शकले. हात मी जोडायचे."