वाळूवरचं गलबत

"उद्या नारळी पौर्णिमा. गलबत मिळालं नाही, तर तुझी गोदी आणि हत्यारं सरकारजमा!" सोनखाडीचे महाराज एवढं बोलले आणि विषय संपल्यासारखे विडा लावू लागले.

समोर गलबतं बांधणारा धाकू मेस्त मान खाली घालून उभा होता. सागाचं झाड म्हणजे राजाचं झाड, दरबाराच्या हुकमाशिवाय त्याच्या फांदीलाही हात लावायची सोय नाही. म्हणून करारच तसा झाला होता. दरबाराने शिमग्याला साग पाठवायचा आणि धाकूने नारळी पौर्णिमेला गलबत द्यायचं. शिमगा गेला, पाऊस लागला, साग काही येईना. दिवाण रंगोपंतांच्या दारी खेटे घालून धाकूच्या वहाणा झिजल्या. पंतांचं उत्तर ठरलेलं, "होईल रे, घाई काय आहे?" आता मात्र तेच पंत करारातलं धाकूचं वाक्य तेवढं मोठ्याने वाचून दाखवत होते.

"पण म्हाराज, लाकूड..." धाकू पुटपुटला.

"लाकडाचं आम्हाला सांगू नकोस. शब्द दिला की दिला. आम्ही कधी सबबी सांगतो का?"

बापामागे उभ्या असलेल्या आवडीच्या अंगाचा तिळपापड झाला. गोदी गेली की घरातली चूलही गेली. पण रडून भागणार नव्हतं आणि महाराजांचं ते शेवटचं वाक्य तिने नेमकं पकडलं होतं.

ती पुढे झाली. "उद्या गलबत मिळतला, म्हाराज. पण आमच्यात एक रीत आसा. नव्या गलबतात पयलो मालक बसता, आणि भरतीच्या पाण्यान गलबत उचलल्याशिवाय खाली उतरणा नाय."

"कबूल! शब्द दिला," महाराज म्हणाले.

बाहेर येताच धाकूने कपाळाला हात लावला. "अगो, खुळी झालंस काय?"

"बाबा, दोरी नि खुंटये घे. गलबत आखूचा आसा."

बांधायला घेण्याआधी मेस्त लोक वाळूवर गलबताचा पूर्ण मापाचा आकार आखून घेतात. दुसऱ्या दिवशी ओहोटी होताच बापलेकीने तोच आखला. रेघ अशी सुरेख आली की हताश धाकूलाही क्षणभर बरं वाटलं.

दुपारी महाराज लवाजम्यासह किनाऱ्यावर आले. "गलबत कुठाय?"

"हा काय समोर. ह्या रेघेच्या आत पाट मांडलोहा. बसा, म्हाराज," आवडी म्हणाली.

महाराज हट्टी खरे, पण दिल्या शब्दाला जागणारे. सगळा गाव बघत होता. ते मुकाट्याने पाटावर बसले आणि बाजूला रंगोपंतांनाही बसवलं. पौर्णिमेची भरती ती! पहिल्या लाटेने जोडे भिजले, दुसरीने मांड्या. तिसरी आली तसे पंत धोतर सावरत रेघेबाहेर पळाले.

"पंतांनू, भर समुद्रात खय उतरतास?" आवडीने विचारलं आणि कोळणी पदर तोंडाला लावून हसू लागल्या.

महाराज मात्र बसूनच होते. पाणी कमरेला आलं. "पोरी, याला फळ्या कुठे आहेत?"

"फळ्यो तुमच्या रानात उभ्यो आसत, म्हाराज. आमच्या वाटणीचा काम ह्या बघा, बोटभर चूक नाय. तुमच्या वाटणीचा तेवढा लागला की तरंगतला."

"ते राहू दे! पाणी छातीला येतंय. गलबत उचललंच जात नाही, तर मी शब्द पाळून उतरू कसा?"

"ह्याच माझो बापूस शिमग्यापासून इचारता, म्हाराज. लाकूडच नाय, तर शब्द पाळूचो कसो?"

महाराजांनी बोटातली शिक्क्याची अंगठी काढली आणि पाण्यातूनच हात लांब केला.

"घे! ही दाखवून रानातला हवा तो साग निवड. पंत, तोड आणि वाहतूक तुमच्याकडे. साग गोदीत पडेल त्या दिवसापासून मेस्ताची मुदत मोजायची आणि त्याची माणसं बसून राहिली, त्यांची मजुरी दरबार देईल. आता तरी उठू का?"

आवडीने आधी अंगठी घातली. मग लाटेकडे पाहिलं.

"उठा, म्हाराज. साग येयपर्यंत तुमकाय मुदत वाढवून दिली."

महाराज असे खदाखदा हसले की पुढची लाट थेट तोंडात गेली. धाकूने हात देऊन त्यांना वर ओढलं, तरी त्यांचं हसू थांबेना.